पट्टी सुटली तेव्हा तुम्ही काय सांगितलंत

अण्णा,

तुमच्या शोकसभेत सगळ्यांनी तुम्हाला देवमाणूस म्हटलं. मी म्हटलं नाही. माझी पाळी आली तेव्हा मी एवढंच बोलले, की या माणसाशी माझं भांडण चालू होतं, ते मिटलेलं नाही, आणि आता मी एकटीनं ते कसं मिटवायचं ते मला कुणी सांगावं. मग खाली बसले. मागून कुणीतरी च्च केलं. तुम्ही असतात तर खुर्ची कुरकुरेपर्यंत हसला असतात.

मी पत्रकं लिहिणारी बाई. वर मागणी, मध्ये कारणं, खाली निषेध आणि आपले नम्र. तुमच्यासाठी लिहायला बसले तर वरच अडकले. मागणी कुणाकडे करायची? तुम्ही डाळीचा धंदा कसा वाढवलात, कुठल्या कुठल्या मंडळांवर होतात, ते पेपरात आलंय. त्यात तुमच्या मूकपटांच्या नादाबद्दल अर्धी ओळ आहे आणि आम्हा अंधांसाठी तुम्ही 'सेवा' केलीत अशी एक पूर्ण ओळ. सेवा. ती ओळ वाचून दाखवली तेव्हा मला तुमच्यावर नव्यानं राग आला, म्हणून म्हटलं लिहावंच.

पहिल्यांदा मी तुमच्या गोडाऊनवर आले ती खेळ बंद पाडायला. तुम्ही बोर्ड लावले होतेत: जुन्या मूकपटांतील अंध व्यक्तिरेखा, प्रवेश मोफत, सर्वांचे स्वागत. सर्वांचे. मूकपट म्हणजे ज्यात आवाज नाही, आणि त्यात आंधळ्यांचं स्वागत. आम्ही काय पडद्याचा वास घेत बसायचं? मी रात्रीतून पत्रक लिहिलं, 'आमच्या अंधारावर तुमची करमणूक नको', आणि मार्केट यार्डाच्या मागे तुमच्या फाटकात काठी घेऊन उभी राहिले. आत जाणाऱ्या प्रत्येकाच्या हातात कोंबत होते. एक प्रत तुमच्या हातात पडली. तुम्ही ती घेऊन आत गेलात आणि माइकवरून अख्खी वाचलीत. भरदार आवाजात, 'तीव्र निषेध असो'सकट. लोकांनी टाळ्या वाजवल्या. माझ्या निषेधाला तुमच्या पब्लिकनं टाळ्या वाजवल्या आणि मी फाटकात उभी राहून दात खात होते.

मग तुम्ही बाहेर आलात. "लई झ्याक लिवलंय. पन मला सांग, अंधार कसा असतोय तुला म्हाईत हाय का? मला तर वाटत होतं, अंधार आमाला दिसतोय, तुमाला न्हाई."

मी म्हटलं, ते वाक्य डोळसांसाठी लिहिलंय, तुम्हाला तसंच समजतं.

"बरं. आन् पिच्चर न बघताच विरोध करतीस व्हय?"

"बघायची सोय करा. मग बघून विरोध करते."

"मग बस की आत," तुम्ही म्हणालात. "मी सांगतो."

झालं. माझी मागणी इतक्या लवकर कुणी मान्य करावी याची मला सवय नव्हती. पुढच्या रविवारी दुपारी मी, सलीमभाई आणि आमच्या अंध संघटनेतले बाकीचे पुढच्या सतरंजीवर बसलो. तुम्ही आमच्यासाठी एक छोटा स्पीकर जमिनीवर ठेवलात, म्हणजे मागच्या खुर्च्यांवरच्या डोळसांना त्रास नको. तूरडाळीचा वास, पोत्यांचा वास, पिक्चरच्या मशीनची टरटर आणि तुमचा आवाज. तुम्ही म्हणालात, "आता ती दारातनं येतीय. हात म्होरं. डोळं वर आढ्याकडं."

मी विचारलं, आढ्याकडे का?

"आंधळी हाय म्हनून."

"मग आढ्याला काय लावलंय?"

सलीमभाई असे हसले की मागच्यांनी श्श केलं. आणि तुम्ही माइकमध्येच खाकरून म्हणालात, की गेल्या इतक्या वर्षांत हा प्रश्न आपल्याला पडला नाही, त्याबद्दल आपण दिलगीर आहोत.

पुढे आपण किती पिक्चर पाहिले आणि प्रत्येकानंतर किती भांडलो. शंभर वर्षांपूर्वीच्या त्या लोकांनी आमची काय दशा केली होती. आंधळा भिकारी असला की तो हमखास खोटा, पोलीस दिसला की काठी टाकून पळणारा, आणि मागच्या खुर्च्या हसून लोटपोट. मुलगी असली की गरीब, गोरी, देवाच्या शेजारी राहणारी, तिला जो तो फसवणार आणि ती सगळ्यांना माफ करणार. त्या सगळ्या पिक्चरांत एकही आंधळी बाई चिडत नाही. मी सकाळी उठल्यापासून चिडलेली असते. सात रस्ता चौकात मला न विचारता कोणीही दंडाला धरून रस्ता ओलांडवतो, मला ओलांडायचा नसला तरी. मी तुम्हाला म्हणाले होते, हे त्या पिक्चरांनी शिकवलंय. पडद्यावर तिनं हात पुढे काढलेले असतात, म्हणून माणसाला वाटतं हात धरायचाच असतो.

तुम्ही म्हणालात, गोष्ट इतकी सोपी नाही. बोलता येत नव्हतं, ऐकवता येत नव्हतं, जे काय सांगायचं ते डोळ्यांनीच. अशा ठिकाणी एक माणूस आला ज्याला दिसत नाही. त्याचं न दिसणं लोकांना दाखवायचं कसं? म्हणून हात पुढे, म्हणून मान वर. हात खाली ठेवून सरळ चालणारी आंधळी कुणाला आंधळी वाटलीच नसती.

मी म्हटलं, हेच तर माझं म्हणणं आहे. सरळ चालले तर मी आंधळी वाटत नाही, आणि आंधळी वाटायला मला धडपडावं लागतं.

"हौदल्ला," तुम्ही कानडीत पुटपुटलात. खरंय की, असं. पण हरल्यासारखं नाही, पुढच्या रविवारची तयारी केल्यासारखं.

मग डॉक्टरवाले पिक्चर सुरू झाले आणि माझा तोल सुटला. प्रत्येकात शेवटी शहरातून एक डॉक्टर येतो, पट्टी बांधतो, पट्टी सोडतो, आणि तिला दिसतं. म्हणजे ज्या बाईसाठी आम्ही तासभर बसलो ती शेवटी आमच्यातून उठून निघून जाते. मी तुम्हाला म्हटलं, पट्टी सुटली आणि दिसलंच नाही, असा एक तरी दाखवा.

"तसा कुनी काडलाच न्हाई गं, रेणव्वा."

"मग खोटंच काढलं सगळ्यांनी."

आणि मी तुम्हाला सांगितलं. आजवर आमच्या संघटनेतही कुणाला सांगितलेलं नव्हतं. लहान होते. घरच्यांनी मोठ्या दवाखान्यात नेऊन ऑपरेशन केलं. पट्टी सुटायच्या दिवशी अम्मा माझ्यावर वाकून उभी होती. अम्मा विड्या वळते, तिच्या बोटांतून तंबाखूचा वास जात नाही, साबणानंही नाही. डॉक्टरांनी पट्टी काढली आणि विचारलं, काय दिसतंय? मला वास आला. मी म्हटलं, अम्मा. अम्मा ओरडली. आनंदानं, दवाखाना गोळा होईल अशी. मग डॉक्टरांनी माझ्यासमोर बोटं धरली असणार, कारण ते परत परत विचारत राहिले, किती? आणि खोलीतला अम्माचा आवाज हळूहळू बंद झाला.

हे सांगून झाल्यावर तुम्ही काहीच बोलला नाहीत. मला बरं वाटलं. बाकीचे लोक असल्या वेळी डोक्यावरून हात फिरवतात.

त्यानंतर तुम्ही तो जाळं विणणारीचा पिक्चर लावलात. त्याला नाव नव्हतं, सुरुवातीचा तुकडा हरवलेला. समुद्रकाठचं गाव, एक आंधळी मुलगी मासेमारीची जाळी विणते, तिची आई जाळ्यांना डांबर लावते. डॉक्टर येतो. मला वाटलं, झालं, चला. पण त्या दिवशी आमच्या स्पीकरमधून तुमचा आवाज आला: "पट्टी सुटली. तिला काय दिसत न्हाई. आई वाकली. पोरीला आईच्या हाताचा डांबराचा वास आला, आन् ती म्हनली, आई. आईला वाटलं, हिला दिसलं. आई आनंदानं वराडली. मग तिला कळालं." आणि मग पडद्यावरची अक्षरांची पाटी वाचल्यासारखं तुम्ही वाचलंत: "पोरगी म्हनती, रडू नगं. हे टोक धर. गाठ मारायची राहिलीय." आई टोक धरते. दोघी जाळं विणत बसतात. संपलं.

सलीमभाईंचं स्टेशनजवळ मोबाइल रिचार्जचं दुकान आहे, दिवसभर जोक सांगणारा माणूस. त्यांनी नाक पुसलं. लोक मागणी करून करून तो पिक्चर परत लावायला लावत. मी तर सगळीकडे सांगत सुटले, की शंभर वर्षांपूर्वी कुणीतरी एकानं खरं दाखवलं होतं.

म्हणून एकदा मी अम्माला घेऊन आले. तिलाही ते भेटावं असं मला वाटलं. अम्मा खुर्चीवर बसायला लाजली, माझ्याजवळ सतरंजीवरच बसली. पट्टी सोडायची वेळ आली. समोर तुमचा आवाज, "तिला काय दिसत न्हाई." आणि त्याच क्षणी मागच्या खुर्च्यांवर टाळ्या. आनंदाच्या टाळ्या. याआधीही पडल्या असतील, मी रडण्यात असेन. त्या दिवशी अम्मानं माझं मनगट पकडलं आणि ती हुंदके द्यायला लागली. मी घरच्या तेलुगूत विचारलं, काय झालं?

ती म्हणाली, दिसायला लागलं गं तिला.

एकाच गोडाऊनमध्ये दोन पिक्चर चालू होते, अण्णा. मागे एक, पुढे एक. पुढचा तुम्ही तयार केलेला.

सगळे गेल्यावर मी थांबले. तुम्ही रीळ गुंडाळत होतात, तो आवाज मला ओळखता येत होता. मी विचारलं, किती पिक्चरांचे शेवट बदललेत? तुम्ही म्हणालात, ह्येचाच. फकस्त ह्येचा.

आणि मग तुमच्या अज्जांची, म्हणजे आजोबांची, गोष्ट. ते मूकपटांच्या तंबूत पडद्याशेजारी उभे राहून पाट्या वाचून दाखवायचे, कारण निम्म्या लोकांना वाचता यायचं नाही. अक्कलकोटला कानडीत, बार्शीला मराठीत. "अज्जांनी पाटी हाय तशी कदी वाचली न्हाई," तुम्ही म्हणालात. "म्होरं कोन बसलंय ते बघून बोलायचं, ही आमची रीत. बायका जास्त असल्या तर सासू मरायची. पिच्चरात जित्ती असायची."

एरवी मी हसले असते.

"तुमच्या अज्जांच्या लोकांना दिसत होतं," मी म्हटलं. "अज्जा खोटं बोलले की ते शिट्ट्या मारू शकत होते. आम्ही कशावर शिट्टी मारायची?"

रीळ थांबलं.

"आणि ती पट्टी माझी होती."

"व्हय," तुम्ही म्हणालात. "तुजीच हाय."

"विचारलंत का?"

"इचारलं असतं तर दिली असतीस?"

मी काठी उघडली आणि निघाले. फाटकापर्यंत तुम्ही मागे आलात, मला चपलांचा आवाज येत होता, पण दंडाला हात लावला नाहीत. इतकं तरी शिकला होतात.

घरी येऊन मी पत्रक लिहिलं. 'आमच्यासाठी शेवट निवडणारे तुम्ही कोण?' मला वाटतं, माझं आजवरचं सगळ्यात चांगलं पत्रक. छापलं नाही. छापलं असतं तर सतरंजीवरच्या सगळ्यांना कळलं असतं की त्यांची जाळंवाली खोटी होती, आणि सलीमभाईंच्या नाक पुसण्याचं मी काय करणार होते? तुम्हाला धडा शिकवायला मी त्यांच्याकडून ती काढून घ्यायची? आणि नाही सांगितलं तर मी तुमच्यात सामील. मी येणं बंद केलं. तिकडे लोक विचारत होते, रेणुका का येत नाही? मी सांगत होते, काम आहे.

मग तुमचा फोन आला. माफी वगैरे नाही, ते तुमच्या घराण्यात नव्हतंच. तुम्ही थेट मुद्द्यावर आलात. "पुडच्या टायमाला माइक तू घे. मी शेजारी बसतो आन् जे दिसतंय ते तुज्या कानात सांगतो. हाय तसं, एक शब्द इकडचा तिकडं न्हाई. भायेर काय सांगायचं ते तुजं तू बघ."

मी म्हटलं, विचार करून सांगते.

"कर की. पिच्चर कुटं पळून जातोय."

पिक्चर नाही गेला.

तुमच्या राजशेखरनं ठरवलं, की पप्पांच्या आठवणीत एक खेळ लावायचा आणि तोच लावायचा, जाळंवालीचा. सतरंजीवरच्यांनीच मागितला होता. गोडाऊनचं पुढे काय करायचं ते त्यानं अजून ठरवलेलं नाही, म्हणून हा शेवटचाही असेल. तो मला म्हणाला, सांगायला तुम्हीच बसा, ताई. मग जरा घुटमळला. मशीन लावायला तोच असायचा, म्हणजे त्यालाही पहिल्यापासून माहीत. म्हणाला, "पप्पांचाच शेवट सांगा. निदान या वेळी कुणाला वाईट वाटायला नको." मी त्याला वचन दिलं नाही. पण नाहीही म्हटलं नाही.

माझ्या कानात सांगायला कोण? कॉलेजच्या मुली तयार होत्या, फाडफाड सांगितलं असतं त्यांनी. मी अम्माला विचारलं. ती म्हणाली, मला नाही गं बोलायला येत. मी म्हटलं, जे दिसतं ते सांग, तेलुगूत सांग, मी मराठीत करते. अम्माला घेण्याचं कारण साधं होतं. तिला काही लपवता येत नाही, ती तोंडावर रडते.

या वेळी छोटा स्पीकर नव्हता. सगळं मोठ्यावर, मागच्या खुर्च्यांपर्यंत. तुमच्या खुर्चीवर मी, माझ्या डाव्या कानाशी, पोत्यांना टेकून, अम्मा. मशीन सुरू झालं. पहिली काही मिनिटं अम्मा नुसती 'बाई, घर, समुद्र' करत होती. मग तिला पडद्यातल्या मुलीचा राग आला. ती कुजबुजली आणि मी जसंच्या तसं माइकमध्ये सांगितलं: "माझी आई म्हणते, या मुलीला काम येत नाही. नुसती बोटं हलवतेय, गाठ एकसुद्धा पडलेली नाही. आणि वर काय बघत बसलीय." हॉल हसला, मागचे आणि पुढचे एकदम. त्या पिक्चरला कुणी हसेल असं तुम्हाला वाटलं नसतं. मला क्षणभर वाटलं, निभावेल.

मग डॉक्टर आला.

अम्मा बोलायची थांबली. मशीनची टरटर तेवढी. मी थांबले. मागे कुणाची खुर्ची सरकली. राजशेखर मशीनजवळून खोकला, त्याचा अर्थ मला कळला. सतरंजीवरच्यांना पुढची ओळ पाठ होती आणि ते ती माझ्या तोंडून यायची वाट बघत होते. मी माइक बाजूला धरून म्हटलं, अम्मा, सांग.

काही नाही.

अम्मा.

"पट्टी सोडली," ती म्हणाली. तिचा श्वास माझ्या कानावर, आणि तो वास. "दिसतंय तिला."

मला अजून माहीत नाही, अण्णा, की तुम्ही माझ्या जागी काय केलं असतंत. खरं म्हणजे माहीत आहे. तुम्ही समोर कोण बसलंय ते बघितलं असतंत. मी माइक तोंडाशी आणला आणि सांगितलं, "पट्टी सुटली. तिला दिसतंय. चित्रात असंच आहे. अण्णा आपल्याला जे सांगायचे, ते चित्रात नाही. ते अण्णांचं होतं."

या वेळी मागे टाळ्या पडल्या नाहीत. रीळ संपलं, त्याचं टोक मशीनमध्ये फटफट आपटायला लागलं आणि राजशेखरनं मशीन बंद केलं. मला वाटलं, आता सतरंजीवरून कुणीतरी उठून जाईल.

सलीमभाई बोलले. त्यांच्या दखनीत, सावकाश. "हमना मालूम था, रेणुका."

मला वाटलं, मी चुकीचं ऐकलं.

"पीछे लोगां ताली मारते, सामने अण्णा बोलते उसको दिखताच नै. अंदे हैं हम, बहरे थोडे हैं?"

सतरंजीवर हसू पसरलं. सगळ्यांना माहीत होतं. कुणाला पहिल्याच वेळी, कुणाला दुसऱ्या. एकजण म्हणाला, आमी आपसात बोलत होतो की, तुला वाटलं तू एकटीच हायस हुशार? मी विचारलं, मग अण्णांना कुणी जाब का विचारला नाही? सलीमभाई म्हणाले, पूछते तो वो बोलना बंद कर देते.

तुम्ही सांगत होतात, ते ऐकत होते आणि तुमचं खोटं ते सगळे मिळून सांभाळत होते. तुम्हाला वाटत होतं तुम्ही त्यांना जपताय. मला वाटत होतं मी त्यांना जपतेय. माझं ते सगळ्यात चांगलं पत्रक, त्यातलं 'आम्हाला फसवलं' हे वाक्य, मला आता कुठंच लावता येत नाही.

"अब वो सुना," सलीमभाई म्हणाले. "अण्णा का."

मशीन बंद, पडदा कोरा. राजशेखर म्हणाला, परत लावू का? मी म्हटलं, नको. गोडाऊनमध्ये कुणालाच काही दिसत नव्हतं आणि मी तुमचा शेवट सांगितला. पट्टी सुटली. तिला काही दिसत नाही. आई वाकली. मुलीला आईच्या हातांचा वास आला. इथं तुम्ही म्हणायचात, डांबराचा. मी म्हटलं, तंबाखूचा.

समुद्रकाठच्या त्या बाईच्या हाताला तंबाखूचा वास कुठून, असं कुणी विचारलं नाही. मी पुढे सांगितलं. ती म्हणाली, आई. आईला वाटलं, हिला दिसलं. आई आनंदानं ओरडली. मग तिला कळलं. मुलगी म्हणाली, रडू नको, हे टोक धर. गाठ मारायची राहिलीय.

अम्मा माझ्या कानाशी होती. पडद्यावर तिनं सांगावं असं काही नव्हतंच.

आपलं भांडण मिटलेलं नाही. तुम्ही विचारायला हवं होतंत, हे मी मरेपर्यंत म्हणणार. विचारलं असतंत तर मी ती पट्टी दिली नसती, हेही खरं, आणि ते तुम्हाला आधीच माहीत होतं म्हणून मला जास्त राग येतो. तुमचे आभार मानायचे म्हटले तर ते याच रागातून मानावे लागतात, दुसरी वाट नाही. त्या फोनवर मी 'विचार करून सांगते' म्हणाले होते. विचार झालाय. मी माइकवर बसले असते. तुम्ही माझ्या कानाशी बसला असतात आणि पट्टी सुटताना तुमचा आवाज कापला असता, आणि मी ते सगळ्यांना सांगितलं असतं.

अम्मा आणि मी रिक्षानं घरी निघालो. घराकडच्या वळणावर ती म्हणाली, "अण्णा डांबर म्हणाले होते. तू तंबाखू कुठून आणलास?"

म्हणजे त्या दिवशी हुंदके देताना तिनं तुमचंही ऐकलं होतं. दोन्ही पिक्चर तिनं एकटीनं पाहिले होते.

तीच म्हणाली, "दवाखान्यात तू मला वासानं ओळखलंस."

"हो."

"मला वाटायचं, घडीभर दिसलं तुला. आणि मी ओरडले म्हणून गेलं. माझीच नजर लागली." तिच्या आवाजात रडू नव्हतं. इतकी वर्षं ती कुठल्या कुठल्या डॉक्टरकडे, कुठल्या कुठल्या देवाला मला घेऊन का जात होती, ते मला तिथं, खड्ड्यातून जाणाऱ्या रिक्षात कळलं. "तेव्हाच सांगायचंस की."

मी म्हटलं, तेव्हा मला माहीत नव्हतं की तुला माहीत नाही.

मग तिनं हात माझ्या तोंडाजवळ आणला, बोटं नाकाला लागतील इतका जवळ. "आता कशाचा येतो?"

दुपारभर ती तुमच्या पोत्यांना टेकून बसली होती, अण्णा. मी म्हटलं, "तूरडाळीचा."